चकचकीत पिंजरा

आमच्या भाऊजींच्या घरात गंजेल अशी एकही वस्तू नव्हती, माणसं सोडून. हे मी त्यांच्या तोंडावर म्हणायची आणि ते नुसते हसायचे. बायकोच्या धाकट्या बहिणीचा राग धरायचा नाही, असं त्यांनी लग्नातच ठरवलं असावं. बादल्या, गॅलरीचं ग्रिल, कपडे वाळत घालायच्या तारा, कुंड्यांचं स्टँड, एवढंच काय, ताईची चिमटे ठेवायची टोपलीसुद्धा त्यांनी जस्तात बुडवून आणलेली. कुणाकडे काही लोखंडी दिसलं की त्यांचे हात शिवशिवायचे. "द्या इकडे, जस्त चढवून आणतो. नातवंडांपर्यंत टिकेल." स्वतःला ना मूल ना बाळ, पण बोलायचे मात्र नातवंडांपर्यंतचं.

ते जस्त चढवायच्या कारखान्यात होते. कारखाना म्हणजे पत्र्याची एक लांबलचक शेड. लोखंडाची वस्तू आधी अ‍ॅसिडात धुवायची, मग वितळलेल्या जस्ताच्या टाकीत बुडवायची, आकड्याने उचलायची, जादा जस्त झटकायचं आणि गार होऊ द्यायची. मिसरूड फुटल्यापासून त्यांनी हेच केलं. शिंतोडे उडून भाजल्याचे पांढरे ठिपके दोन्ही हातांवर कोपरापर्यंत. वस्तू गार झाली की नखाने टिचकी मारून बघायचे आणि मान हलवायचे, जसं काही वस्तूनेच त्यांना उत्तर दिलं.

त्या टाकीचा धूर मात्र वाईट. एखाद्या दिवशी जास्त झाला की संध्याकाळी अंगात कापरं भरायचं, तोंडाला धातूची चव यायची, ताप चढायचा आणि सकाळी माणूस परत ठणठणीत. शेडमधल्या सगळ्यांचा त्यावर एकच उपाय, दूध प्या. आणि सगळ्यांची एकच समजूत, की वाईट तो धूर. जस्त गार झालं म्हणजे गरीब गाय. "बादलीतल्या पाण्याने आपण आंघोळ करतोच ना? मेलं का कोणी?" असं ते मला ऐकवायचे. तिथे वीस-पंचवीस वर्षं काढलेली माणसं हेच म्हणायची, मग त्यांना खोटं कोण पाडणार?

ताईचा या गरीब गाईवर विश्वास नव्हता. तिला शास्त्र वगैरे काही ठाऊक नव्हतं. तिला फक्त तो ताप ठाऊक होता, कारण पायांवर पांघरुणं टाकत तीच बसायची. म्हणून तिचा एक नियम होता. भाऊजींचं पाऊल उंबऱ्यात पडलं की आतून आवाज यायचा, "आलात? हात धुवा आधी!" 'आलात' लांबवायची आणि 'आधी'वर असा ठोका द्यायची, की परका माणूस आला असता तरी निमूट मोरीकडे गेला असता. मी गेले तरी तेच. "अगं, मी शिवणकाम करते, मला कुठलं आलंय जस्त?" "धू म्हटलं ना!" मग धुवायचे, वाद कोण घालणार तिच्याशी?

आणि मग आला मुकादम. गल्लीच्या टोकाचा सलूनवाला दुकान विकून मुलाकडे परदेशात निघाला, तेव्हा त्याने आपला पोपट ताईच्या ओटीत टाकला. राखाडी अंग, लालभडक शेपटी, आणि तोंडात दिवसभर कात्रीची कचकच. सोबत एक जुना पिंजरा, लाकडी चौकटीचा म्हणून टाकीत बुडवता न येणारा, गंजक्या सळयांचा. कुणी निवांत बसलेलं त्याला बघवायचं नाही, लगेच ओरडायचा, म्हणून ताईने नाव ठेवलं मुकादम. वर्षभरात त्याने ताईचा आवाज असा उचलला, की मी एकदा दारातून अर्धा तास पोपटाशी भांडले. नंतर कळलं, ताई बाजारात गेलेली.

संध्याकाळी भाऊजींना मग दोनदा ऐकू यायचं. "आलात? हात धुवा आधी!" "आलात? हात धुवा आधी!" ते म्हणायचे, "एक बायको कमी होती म्हणून आणखी एक आणलीस." पण खूश होते हो. घरात दोघांनाच राहायची सवय लागलेल्या माणसांना तिसरा आवाज किती गोड लागतो, ते मला त्यांच्याकडे बघून कळलं.

एका सकाळी कपडे वाळत घालताना ताईच्या हातातून चिमटा पडला. ती उचलायला वाकली आणि उठलीच नाही.

उजवं अंग गेलं आणि वाचा गेली. डॉक्टर म्हणाले, समजतं सगळं, आठवतं सगळं, शब्द डोक्यात जागच्या जागी आहेत, फक्त तोंडापर्यंत यायचा रस्ता बुजलाय. आणि म्हणाले, अशी माणसं उगाचच्या उगाच रडतात, ते मनावर घेऊ नका. हे शेवटचं वाक्य मला अजून टोचतं. माझी ताई, जिच्या तोंडाला गल्ली घाबरायची, ती खुर्चीत बसून "अं, अं" करायला लागली. तोंडाच्या उजव्या कोपऱ्यातून लाळ गळायची. मी दुकानातल्या उरलेल्या मऊ कापडाचे रुमाल शिवून तिच्या मांडीवर ठेवायची आणि घरी जाताना रस्त्यात रडायची.

तिला इस्पितळातून घरी आणलं, ती संध्याकाळ मी विसरणार नाही. भाऊजींनी तिला उचलून दारातून आत घेतलं आणि आतून ताईचाच खणखणीत आवाज आला, "आलात? हात धुवा आधी!" आम्ही तिघंही जागीच खिळलो. भाऊजींना पुढे टाकायला पाऊल उचलेना. ताईने मान वळवून मुकादमाकडे बघितलं. डोळ्यांतून धारा लागल्या आणि ओठाचा डावा कोपरा वर गेला. हसत होती ती.

वाचा शिकवायला एक बाई यायच्या. त्या म्हणाल्या, हिचं जुनं बोलणं कुठे असेल तर द्या, आपलीच चाल कानावर पडली की जीभ कधीकधी ओळखीने वळते. सगळे फोन धुंडाळले. एकच चित्रफीत सापडली, त्यात ताई तोंडापुढे हात धरून म्हणते, "नको, नको काढूस गं." बस, एवढंच. सगळा जन्म बोलण्यात गेलेल्या बाईचे चार शब्द. तेवढ्यात मुकादम ओरडला आणि बाई दचकून हसायलाच लागल्या. "अहो, हे काय धरून बसलात? तुमच्याकडे मास्तर घरातच आहे."

तेव्हापासून ताईची शिकवणी मुकादमाकडे. तो म्हणायचा आणि ती त्याच्याबरोबर ओठ हलवायची. आधी नुसती हवा, मग घशात घरघर. आणि एका दुपारी चक्क "हा" निघाला. साफ, गोल, ताईच्या आवाजातला "हा". भाऊजी जेवायच्या सुट्टीत घरी आलेले, तसेच धावत माझ्या दुकानात आले. दम लागलेला, हात बरबटलेले. "धाकटे, 'हा' म्हणाली! आज 'हा' म्हणाली, उद्या 'हात' म्हणेल!" त्यांनी माझ्या नव्या कापडावर हात टेकले आणि काळे डाग पडले. त्या दिवशी मी त्यांना सगळा तागा दिला असता.

आता सांगा, अशा पाखरासाठी माणूस काय करणार नाही? ताईची वाचा त्या चोचीत होती, हे आम्हाला तिघांनाही कळत होतं. भाऊजींच्या मनाने घेतलं की मुकादम त्या गंजक्या खुराड्यात नको. ताईच्या खुर्चीशेजारी, तिच्या नजरेच्या उंचीवर पाहिजे, ऐसपैस पाहिजे. सुट्टीच्या दिवशी शेडमध्ये बसून त्यांनी पिंजरा केला. सळई न् सळई स्वतः वळवली. दाराची कडी अशी, की ताईला एका डाव्या हाताने उघडता यावी. आत झोका, दोन दांड्या, खाण्याच्या वाट्या. आणि मग अर्थातच जस्तात बुडवला. त्यांच्या हातून कोरं लोखंड सुटलंय असं कधी झालंय?

मी खोटं सांगणार नाही, पिंजरा देखणाच होता. उन्हात ठेवला की डोळे दिपायचे. सांध्यासांध्यांवर जस्ताचे थेंब गोठून मणी झाले होते. मुकादमाला तर ते मणी फारच आवडले. चोचीत धरायचा, जीभ फिरवायचा, कुरतडायचा, दिवसभर तोच उद्योग. भाऊजी म्हणाले, "बघ, खेळणं फुकटात मिळालं." जुना पिंजरा माळ्यावर गेला.

मग पिसं पडायला लागली.

आधी कुणाला काही वाटलं नाही. पाखरू म्हटलं की पिसं झडणारच, वर्षाकाठी जुनी जातात, नवी येतात. पण नवी आलीच नाहीत. छातीवर तळहाताएवढं टक्कल पडलं, मग मांड्या, मग पंखांच्या खाली. सोललेल्या कोंबडीसारखी गुलाबी कातडी दिसायला लागली. आणि झडत कसली होती, तो उपटत होता. मान खाली घालून एक एक पीस चोचीत पकडायचा आणि ओढायचा, कधी रक्त यायचं. ओढताना स्वतःच किंचाळायचा आणि परत ओढायचा. बघवत नसे.

सल्ल्यांना तोटा नव्हता. पाळीव प्राण्यांच्या दुकानदाराने उवांची पावडर दिली. शेजारीण म्हणाली, कंटाळलाय, खेळणी द्या. मी म्हटलं, नुसत्या सूर्यफुलाच्या बियांवर कुणाची कातडी धड राहील, त्याला गाजर द्या, सफरचंद द्या, उकडलेलं अंडं द्या. कुणी म्हणालं रोज पाण्याचा फवारा मारा, कुणी म्हणालं संध्याकाळी लवकर पिंजरा झाका, झोप पुरत नसेल. वाचा शिकवणाऱ्या बाई म्हणाल्या, घरात आजारपण आहे, मुक्या जिवाला दुःख कळतं. हे भाऊजींना सगळ्यात पटलं. ते कामावरून आले की पिंजऱ्याशी बसून पाखराची समजूत काढायचे. "अरे, ती बरी होतेय. तू धीर सोडू नकोस." यातलं काहीच वावगं नव्हतं, एरवी यातल्या कशानेही पोपट पिसं उपटतो. पण चोर सोडून संन्याशाला फाशी, ते आमचं चाललं होतं.

मुकादम गप्प होत गेला. आधी 'आधी' गेलं. मग 'आलात' गेलं. मग नुसतीच कात्री उरली आणि एके दिवशी तीही थांबली. ताई रोज दुपारी ठरल्या वेळी त्याच्याकडे तोंड करून बसायची, ओठ उघडून, तो सुरू करील म्हणून. तो सुरू करायचा नाही. ती तशीच आ वासून थांबायची आणि लाळ गळत राहायची. तिचा 'हा'सुद्धा हळूहळू पुसट होत गेला. भाऊजी भिंतीकडे तोंड करून उभे राहायचे.

त्याच दिवसांत ताईने नवं खूळ काढलं, असं आम्हाला वाटलं. डाव्या हाताने पिंजऱ्याकडे बोट दाखवायची, सळया बडवायची, जोरजोरात मान हलवायची. "अं! अं!" भाऊजी तिचा हात धरून म्हणायचे, "हो गं, कळतंय मला. मलाही वाईट वाटतंय." ती हात हिसकावून घ्यायची आणि रडायची. डॉक्टरांनी सांगितलेलंच होतं, मनावर घेऊ नका. मग रुमाल. मी तोंड पुसायला दिलेले रुमाल ती पिंजऱ्याला बांधायला लागली. एका हाताने आणि दातांनी, तासन्‌तास झटून, सळयांच्या सांध्यांवर गुंडाळून गाठी मारायची. मी चिडले. "ताई, एवढे मऊ रुमाल मी पिंजऱ्याला नेसवायला शिवते का?" भाऊजी रोज संध्याकाळी तिच्या गाठी सोडायचे, रुमाल धुवायचे, वाळले की घडी करून परत तिच्या मांडीवर ठेवायचे. दुसऱ्या दिवशी ती परत बांधायची. त्यांनी कधी आवाज चढवला नाही तिच्यावर. चढवला असता तरी बरं झालं असतं, भांडणात काही तरी कळलं असतं.

एक दिवस ते मला म्हणाले, "कळलं मला, धाकटे, ती बोट का दाखवते ते. पिंजऱ्याचं जस्त काळपट पडलंय. तिला कधी तरी मळकं भांडं चाललंय का? म्हणून झाकतेय ती."

मला पटलं. खरंच पटलं. ताईचा स्वभावच तसा होता.

पिंजरा शेडमध्ये गेला, परत अ‍ॅसिडात, परत जस्तात. तेवढे दिवस मुकादम माळ्यावरच्या त्या जुन्या गंजक्या खुराड्यात. आणि काय आश्चर्य, तो खायला लागला. सफरचंदाची फोड संपवली. एका सकाळी हलकेच कचकच केली त्याने, आणि ताईने डाव्या हाताने मांडीवर थापटी मारली, इतकी हरखली ती. मी भाऊजींना फोन करून सांगितलं. ते म्हणाले, "बघ! घर तेच, दाणा तोच, नुसता बदल मिळाला तर फुलला. आता नवा पिंजरा बघून तर नाचेल."

नवा पिंजरा परत आला, तेव्हा मी तिथेच होते. ताईने जुना पिंजरा मांडीवर ओढून घेतला आणि डावा हात त्याच्याभोवती घट्ट आवळला. सोडेना. भाऊजी तिच्यापुढे गुडघ्यांवर बसले आणि तिचं एक एक बोट हळुवार सोडवलं, लहान मुलाच्या मुठीतून काही काढून घ्यावं तसं. "अगं, हा बघ की, कसा चमकतोय. तुझ्या मनासारखा करून आणलाय." ताई ओरडली, शब्द नसलेलं ओरडली. खालच्या मजल्यावरची माणसं वर आली. त्यांना काय सांगणार? मनावर घेऊ नका, असं सांगितलं आम्ही.

त्यानंतर फार दिवस गेले नाहीत. एका दुपारी मुकादम दांडीवरून खाली पडला आणि पिंजऱ्याच्या तळाशी पंख पसरून बसला. नुसतं पाणी प्यायचा आणि ओकायचा. तेव्हा कुठे आम्ही त्याला पुठ्ठ्याच्या खोक्यात घालून पक्ष्यांच्या डॉक्टरीणबाईंकडे नेलं. घरापासून लांब होत्या, शहराच्या दुसऱ्या टोकाला. तोपर्यंत तिथे जायचं कुणाला सुचलंच नाही, कारण सगळ्या गल्लीलाच पोपटांतलं कळत होतं ना!

बाईंनी त्याला टॉवेलात धरलं, पंख उलगडून बघितले. म्हणाल्या, "डोकं बघा, शाबूत आहे. अंगभर टक्कल आणि डोक्यावर एकूणएक पीस. स्वतःचं डोकं त्याला स्वतःच्या चोचीने उपटता येत नाही. म्हणजे पिसं गळत नाहीत, हाच उपटतोय. आता का उपटतोय ते शोधायचं." मग विचारलं, खातो काय, झोपतो किती, घरात धूर, अत्तरं, फवारे? भाऊजी शहाण्या मुलासारखी उत्तरं देत होते. पोटाचा फोटो काढला. काळ्या फिल्मवर पांढरे ठिपके चमकत होते.

"पिंजरा कशाचा आहे?"

"माझ्या हातचा आहे," भाऊजी म्हणाले. एवढ्या दुःखातही त्यांची छाती थोडी पुढे आली. मी बघितलं ते.

"जस्त चढवलेलं?"

"दोनदा."

बाईंनी पेन खाली ठेवलं. मग सावकाश सांगितलं. जस्त त्याच्या पोटात गेलंय. चोचीने खरवडून, चाटून, तुकडे गिळून. पोटातून रक्तात उतरतं, अंगाची आग होते, जीव कासावीस होतो, मग पाखरू स्वतःलाच सोलतं. नव्या जस्ताचा थर तर सगळ्यात वाईट, त्याचे कण सुटे असतात.

"पण गार असतं ना हो ते," भाऊजी म्हणाले. "धूर नाही त्यात. गार जस्त..."

"मणी, खवले, असलं काही कुरतडताना घरात कुणी बघितलं नाही का त्याला? दिवसभर जवळ कोण असतं?"

"बायको असते."

"मग त्यांनी काहीच सांगितलं नाही?"

भाऊजींनी माझ्याकडे बघितलं. मी त्यांच्याकडे बघितलं. त्यांचा चेहरा उतरत गेला, ते मी डोळ्यांनी बघितलं, आणि तो कशाने उतरतोय हेही मला कळलं, कारण माझाही उतरत होता. रुमाल. रोज बांधलेले आणि रोज सोडलेले ते रुमाल, मण्यांवर, सांध्यांवर, जिथे चोच जायची नेमकी तिथे.

"तिला बोलता येत नाही," मी म्हटलं.

मुकादमाला तिथेच ठेवून घेतलं. जस्त रक्तातून ओढून काढायच्या सुया असतात, त्या देऊ म्हणाल्या, बघू म्हणाल्या. आम्ही रिकामं खोकं घेऊन घरी आलो. ताई खुर्चीत बसली होती आणि रिकाम्या पिंजऱ्याला तीन ताजे रुमाल बांधलेले होते. पाखरू आत नव्हतं तरी. परत आलं तर असावेत म्हणून. भाऊजी तिच्यापुढे मटकन खाली बसले आणि म्हणाले, "तू सांगत होतीस. अगं, तू मला रोज सांगत होतीस." ताईने त्यांच्याकडे बघितलंसुद्धा नाही. ती त्यांच्या डोक्यावरून दाराशी टेकवलेल्या खोक्याकडे बघत होती, त्यातून कोणी बाहेर येतंय का म्हणून.

दोनेक दिवस आशा वाटली. डॉक्टरीणबाईंनी फोनवर सांगितलं, थोडं खाल्लं. भाऊजींनी तेवढ्यात पिंजरा शेडमध्ये नेऊन कटरने तुकडे तुकडे केला आणि माळ्यावरचा गंजका पिंजरा साबणाने घासून खुर्चीशेजारी मांडला. पण पाखराच्या शरीरात उरलं काय होतं? मुकादम तिसऱ्या का चौथ्या दिवशी गेला. आणायला मी आणि भाऊजी गेलो. त्याला हातात घेतलं तर काही वजनच नाही. डोकं तेवढं राखाडी पिसांनी भरलेलं, झोपलेल्या धडधाकट पोपटाचं असावं तसं, आणि खाली सगळा उघडा.

ताईला दाखवला. लपवून उपयोग नव्हता, तिच्यापासून लपवून आम्ही काय मिळवलं होतं आजवर? तिने डाव्या हाताने त्याच्या डोक्यावरून बोट फिरवलं. मांडीवरचा रुमाल उचलला आणि स्वतःच त्याच्याभोवती गुंडाळायला लागली. एका हाताने जमेना, तेव्हा मी दुसरं टोक धरलं. भाऊजींना तिने हात लावू दिला नाही.

भाऊजी त्याला घेऊन खाली गेले. कुंपणाच्या भिंतीलगत थोडी मऊ माती होती, तिथे हातांनीच खणलं त्यांनी, खुरपं दिलं तरी घेतलं नाही. वर आले तेव्हा कोपरापर्यंत चिखल. उंबऱ्यात उभे राहिले. आत यायचा धीर होत नव्हता त्यांना.

आणि ताई बोलली.

"हात धुवा."

साफ. ताईचा आवाज, ताईचा ठेका, इतक्या महिन्यांनंतर. मी किंचाळलेच. "ताई! बोललीस! भाऊजी, ऐकलंत का, बोलली!" मी तिच्या गळ्यात पडले, हसले, रडले, काय काय केलं. भाऊजी मोरीत गेले. नळाचं पाणी वाहायला लागलं आणि वाहतच राहिलं. बऱ्याच वेळाने मी बघायला गेले, तर चिखल केव्हाच निघून गेला होता आणि ते तारेच्या ब्रशाने कोपराखालचे ते जुने पांढरे ठिपके घासत होते. कातडी लाल झाली होती, एका जागी सोलली होती. मी ब्रश हिसकावला. ते म्हणाले, "निघत नाही गं, धाकटे."

या गोष्टीला आता बराच काळ झाला. वाचा शिकवणाऱ्या बाई म्हणाल्या, सुरुवात झाली, आता बाकीचे शब्द येतील. आले नाहीत. मुकादमाचे शब्द त्या तोंडाने म्हणून दाखवायच्या, मीही म्हणायची, ताईच्या पाठची बहीण मी, पण मलाही तो 'आधी'चा ठोका जमत नाही. भाऊजींना तर एकही चाल आठवत नाही. म्हणतात, "तीस वर्षं ऐकलं आणि नीट ऐकलंच नाही." ताई तेवढे दोनच शब्द बोलते, आणि तेही फक्त संध्याकाळी, फक्त ते दारात आले की. मायेने म्हणते, की सवयीने तोंडातून निघतं, की त्यांना सुनावते, तिला विचारायची काही सोय नाही. भाऊजी विचारतही नाहीत.

शेजारीपाजारी ऐकतात आणि म्हणतात, बघा, देव आहे, बोलायला लागली. भाऊजी मान हलवतात, मोरीत जातात आणि दार लावून घेतात. रोज मलाच जाऊन बाहेरून हाक मारावी लागते, "भाऊजी, पुरे आता, नळ बंद करा."